वाडीतली म्हातारी माणसे आणि आपण

श्रोतेहो, नमस्कार.

२००१ ते २०११ या दशकात महाराष्ट्राची लोकसंख्या सुमारे १६ टक्क्यांनी वाढली. रत्नागिरी जिल्ह्याची मात्र सुमारे १६ लाख ९७ हजारांवरून १६ लाख १५ हजारांवर आली. सिंधुदुर्गातही माणसे घटलीच. मुले कमी झाली आणि तरुण मुंबई-पुण्याला गेले, ही त्याची कारणे आपण सारे जाणतो.

मुंबईला जाणे कोकणाला नवे नाही. गिरण्यांच्या काळात घरातला कर्ता पुरुष एकटाच जाई, गाववाल्यांच्या खोलीत दाटीवाटीने राही आणि महिन्याला मनीऑर्डर धाडी. बायको मात्र सासूसासरे, गुरे आणि भातशेती सांभाळत मागे राही. २००१च्या जनगणनेतही रत्नागिरीत दर हजार पुरुषांमागे १,१३६ स्त्रिया होत्या. वाडीतल्या म्हातारपणाचा भार त्या सुनांनी वाहिला, आणि त्या कष्टांची नोंद कोणी ठेवली नाही, याची मला मनापासून खंत वाटते.

आता लग्न झाले की जोडपे दिव्याला किंवा विरारला एकत्र बिऱ्हाड करते, आणि ते योग्यच आहे. आजीच्या वाट्याला आलेला विरह नातीच्या वाट्याला येऊ नये. पण मागे राहिलेल्या सासूचे काय? तिचे घर घाटीच्या वर, एसटीचा थांबा खाली. रेशन दुकानातल्या यंत्रावर, उभा जन्म लावणी-कापणीत झिजलेला तिचा अंगठा उमटत नाही. दुकानदार एकेक करून दहाही बोटे टेकवायला लावतो, आणि मागची रांग खोळंबते.

ज्येष्ठ नागरिकांच्या निर्वाहासाठी २००७चा कायदा आहे. मुले सांभाळत नसतील, तर त्यांच्याकडून दरमहा रक्कम मिळवून देण्याची सोय त्यात आहे. आपल्याकडे बहुतेक मुले पैसे पाठवतातच. कमी पडते ते दवाखान्यापर्यंत सोबत येणारे माणूस. हे काम पुन्हा सुनेवर लादण्याऐवजी, वाडीतल्याच एखाद्या प्रशिक्षित बाईला रीतसर पगारावर नेमावे, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे. पटसंख्येअभावी बंद पडलेल्या शाळेची खोली मिळाली, तर दुपारी तिथे म्हाताऱ्यांना एकत्र बसता येईल, रक्तदाबही तपासता येईल.

चतुर्थीला सारे चाकरमानी गावात असतात. देवळाच्या जीर्णोद्धारासाठी मुंबईतली ग्रामस्थ मंडळे जशी वर्गणी काढतात, तशीच या पगारासाठी काढावी. आणि यंदाच्या सभेत हा विषय देवळाच्या आधी घ्यावा.