भांडण नेमकं कशावरून?

शहरातल्या पोरांच्या एखाद्या टोळक्यावर फिल्म करायची तर शूटिंग कुठून सुरू करायचं, असं मघाशी कुणीतरी विचारलं. शूटिंगचं नंतर बघू. आधी त्या पोरांना तुमचा काय उपयोग, ते सांगा.

'स्टाइल वॉर्स' ही डॉक्युमेंटरी घ्या. १९८३ सालची, न्यू यॉर्कच्या सबवे गाड्यांवर स्प्रेने नावं रंगवणाऱ्या पोरांवरची. दिग्दर्शक टोनी सिल्व्हर. पण पोरांच्या आतल्या गोटात शिरलेला माणूस म्हणजे त्याचा साथीदार हेन्री चॅल्फंट. हा मूळचा शिल्पकार. फलाटावर उभं राहायचं, समोर गाडी लागली की डब्याचे भराभर फोटो काढायचे आणि नंतर ते जोडून अख्खा डबा उभा करायचा, हा त्याचा उद्योग. गाड्या रात्री उभ्या असतात त्या यार्डात रात्रभर खपून रंगवलेला डबा पुढे धुतला जायचा, नाहीतर त्यावर दुसरंच कुणी रंगवून जायचं. उरायचा तो फक्त चॅल्फंटचा फोटो. मग पोरंच त्याच्या स्टुडिओत यायला लागली. संमतिपत्रावर सही घेऊन ही ये-जा सुरू होत नसते.

बाहेरच्यांचा वाद ठरलेला: ही कला की नासधूस? महापौर एड कॉच, यार्डाभोवतीची कुंपणं, राखणीची कुत्री, सगळं फिल्ममध्ये आहे. तेवढंच असतं तर ती लांबलेली बातमी झाली असती. पण ही पोरं स्वतःला 'रायटर' म्हणवतात, आणि त्यांचा खरा राग आहे तो कॅप नावाच्या दुसऱ्या रायटरवर. इतरांच्या देखण्या कामावर तो आपलं नाव झटकन फासून जातो. त्याचा हिशेब सरळ आहे: सुंदर नको, भव्य नको, जास्त हवं. म्हणजे शहर ज्यांना बेशिस्त म्हणतं, त्यांच्यातही कुणाच्या नावावर रंग मारायचा नाही याची शिस्त आहे! हे कळायला त्यांच्यात बसावं लागतं.

आता, या फिल्मला निवेदक आहे, मुलाखती आहेत. कॅमेऱ्याने नुसतं बघायचं, बोलायचं-विचारायचं नाही, या निव्वळ निरीक्षणाच्या सोवळ्यात ती बसत नाही. ते निवेदन मला तरी खटकतं. पण एक सीन आहे स्वयंपाकघरातला. स्कीम नावाचा रायटर आणि त्याची आई. लक्षात घ्या, कॅमेऱ्यातलं १६ मिलिमीटर फिल्मचं चारशे फुटी रीळ अकरा मिनिटांत संपतं. मायलेकांच्या कटकटीवर ते खर्च करायला छाती लागते. आईला कळत नाही, हा जीव धोक्यात घालून नेमकं मिळवतो काय. तो म्हणतो, हे लोकांसाठी नाहीच. माझ्यासाठी आहे, बाकीच्या रायटरांसाठी आहे. शाळेच्या बाकावर कर्कटकाने नाव कोरताना आपण तरी बाईंसाठी थोडंच कोरत होतो?

तोच सीन लावतोय. मागचे दिवे घालवा जरा. आणि पोराकडे नको, आईकडे बघा.