सगळी कामं एकटीनं, पण कशासाठी?

मित्रहो, रिमा दास यांच्या 'व्हिलेज रॉकस्टार्स' या आसामी चित्रपटाची श्रेयनामावली वाचा. लेखन, दिग्दर्शन, निर्मिती, छायाचित्रण, संकलन, सगळीकडे एकच नाव. आपल्याकडे यावर लगेच म्हणतात, 'पैसे नसतील.' नव्हतेच. पण हे उत्तर मला अपुरं वाटतं.

रिमा दास सिनेमा कुठल्या संस्थेत शिकल्या नाहीत. आसाममधल्या छयगावच्या परिसरातून त्या मुंबईला आल्या, त्या अभिनय करायला. पृथ्वी थिएटरला प्रेमचंदांच्या 'गोदान'वरच्या नाटकात त्यांनी काम केलं. पुढे कॅमेरा हाती घेतला, 'अंतर्दृष्टी' हा पहिला चित्रपट केला आणि मग गावातल्याच मुलांना घेऊन हा चित्रपट.

आता यातला पूर पाहा. चित्रपटाची नायिका असलेल्या धुनू या मुलीचे वडील पुरात गेलेत, म्हणून आई तिला पाण्यात उतरवून पोहायला शिकवते. पुढे पाणी चढतं, शेत बुडतं. हे पाणी टँकर मागवून सोडलेलं नाही. मोठं युनिट गावात मुक्कामाला असतं तर जेवणखाण, गाड्या, भाडी यांचं मीटर रोज पळालं असतं. पावसाची वाट पाहायला कुणी थांबलं नसतं. इथे थांबणं परवडलं, कारण थांबणारी एकटीच होती. चित्रीकरण काही वर्षं चाललं, तेही नैसर्गिक प्रकाशात. त्या काळात मुलं पडद्यावर खरोखर वाढली. थर्माकोलची खोटी गिटार वाजवणारी धुनू खऱ्या गिटारीसाठी पैसे साठवू लागते, तेव्हा तिच्या चेहऱ्यावरचं वाढतं वय मेकअपचं नसतं. एकटीनं काम करून त्यांनी कमावला तो वेळ, असं मी ठामपणे म्हणेन.

पण एक काम त्यांनी स्वतःकडे ठेवलं नाही, ते ध्वनीचं. कॅमेरा हातात असताना माइक कोण धरणार? ते नात्यातल्या बहिणीनं, मल्लिका दास यांनी केलं. 2018 साली राष्ट्रीय पुरस्कार जाहीर झाले, तेव्हा सर्वोत्कृष्ट चित्रपट, संकलन आणि धुनू झालेल्या भनिता दासला बालकलाकाराचा, यांच्या जोडीला चौथा पुरस्कार लोकेशनवरच्या ध्वनिमुद्रणाला होता. 'सगळं मीच करणार' म्हणणाऱ्या तरुण मित्रांनी हा चौथा पुरस्कार जरूर लक्षात घ्यावा. कुठलं काम सोडायचं हे कळणं, हेही दिग्दर्शनच आहे.

त्यानंतरचा 'बुलबुल कॅन सिंग'ही त्याच मातीतला. 2019 मध्ये बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात त्याचं कौतुक झालं. आणि 2024 मध्ये 'व्हिलेज रॉकस्टार्स 2' आला. धुनूच्या भूमिकेत पुन्हा भनिताच आहे, आता मोठी झालेली. दुसरी मुलगी निवडून हे साधलं नसतं. दोन्ही चित्रपट पाहायला मिळाले तर लागोपाठ पाहा, आणि पहिला आधी.