वावरातला ठिपका, आकाशातली घड्याळं

[दृश्य : रावेरजवळची केळीची बाग. पानांखाली हिरवट उजेड. हातातल्या मोबाइलवर नकाशा उघडा.]

मोबाइल धरलेला माणूस पाच मिनिटं जागचा हललेला नाही. नकाशावरचा निळा ठिपका मात्र भटकतोय. आत्ता चार ओळी पलीकडे होता, मग बांध ओलांडून शेजाऱ्याच्या वावरात शिरला, पुन्हा परत आला. हाच माणूस कापूस वेचून झालेल्या मोकळ्या रानात येऊन उभा राहिला, की थोड्या वेळात ठिपका शांत होतो. मोबाइल तोच, उपग्रह तेच. बदललं ते डोक्यावरचं आकाश.

या ठिपक्यावर किती विसंबायचं हे ठरवायचं, तर तो तयार कसा होतो ते आधी पाहायला हवं.

[दृश्य : रात्र. सातपुड्याची काळी कड, वर तारे.]

उपग्रह आपल्याला पाहत नाही. शोधतही नाही. आकाशवाणीचं जळगाव केंद्र कार्यक्रम लावतं, तेव्हा कुठल्या गावात कोण रेडिओ लावून बसलंय हे केंद्राला ठाऊक नसतं. इथेही तसंच आहे. मोबाइल फक्त ऐकतो. आपली जागा तो दुसऱ्या कुणाला कळवतो ती इंटरनेटवरून, आणि तो कारभार पूर्ण वेगळा.

उपग्रह अखंड दोनच गोष्टी सांगत राहतो : माझ्या घड्याळात आत्ता किती वाजलेत, आणि मी कुठे आहे. अमेरिकेच्या जीपीएसचे उपग्रह जमिनीपासून सुमारे 20,200 किलोमीटर उंचीवर, सहा कक्षांमध्ये फिरतात. एका फेरीला बारा तासांना दोन मिनिटं कमी लागतात. बरोबर डोक्यावर असलेल्या उपग्रहाचा संदेश खाली यायला साधारण 67 मिलिसेकंद लागतात, क्षितिजाजवळच्या उपग्रहाचा 86च्या आसपास. निघाल्याची वेळ संदेशातच असते, पोचल्याची वेळ मोबाइल बघतो. वजाबाकी करायची, प्रकाशाच्या वेगानं गुणायचं. अंतर मिळालं.

म्हणजे इथे टेप नाही, साखळी नाही. मोजली जाते ती वेळ. आणि वेळेतली चूक फार महाग पडते : सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाची गफलत झाली, तर अंतर 300 मीटरनं चुकतं.

[दृश्य : खानदेशाचा नकाशा. जळगाव आणि धुळे या केंद्रांभोवती वर्तुळं उमटतात.]

अंतरावरून जागा कशी निघते? समजा, कुणी फोनवर सांगितलं की मी जळगावपासून सरळ रेषेत 50 किलोमीटरवर आहे आणि धुळ्यापासून 35वर. दोन्ही गावांभोवती तेवढ्या त्रिज्येची वर्तुळं काढा. ती दोन ठिकाणी छेदतात : एक अमळनेरजवळ, दुसरं पारोळ्याच्या बाजूला. माणूस नक्की कुठे? चोपड्यापासूनचं अंतर विचारलं की निकाल लागतो, कारण चोपड्याहून अमळनेर जवळ आणि पारोळा दूर. आकाशात वर्तुळांच्या जागी गोल येतात, बाकी युक्ती हीच.

याच नकाशावर जरा थांबू, कारण यात आणखी एक गोष्ट दडलेली आहे. जळगाव आणि धुळे एकमेकांच्या समोरासमोर, माणूस मधे. त्यामुळे दोन वर्तुळं ठसठशीत कापत नाहीत, एकमेकांना घासून जातात. जळगावचं अंतर 50 ऐवजी 51 धरून पाहा. चूक एका किलोमीटरची, पण छेदबिंदू उत्तरेला जवळपास दोन किलोमीटर सरकतो. अंतर तेवढंच बिघडलं, जागा दुप्पट बिघडली. उपग्रह आकाशभर विखुरलेले असले तर चूक आवाक्यात राहते. एकाच पट्ट्यात गोळा झाले तर फुगते. मोजणीवाले या फुगवट्याच्या आकड्याला डीओपी म्हणतात. दोनच्या आत असला तर उत्तम, सहाच्या वर गेला तर यंत्र पेटीत ठेवून चहा घ्यावा.

[दृश्य : मोबाइलच्या सर्किटवरचा क्वार्ट्झचा इवलासा तुकडा.]

आता अडचण घड्याळाची. उपग्रहात रुबिडियम किंवा सिझियमची अणुघड्याळं असतात. मोबाइलमध्ये असतो क्वार्ट्झचा स्वस्त तुकडा, त्याच्या भरवशावर मायक्रोसेकंद मोजता येत नाहीत. त्यावरचा तोडगा फार सुंदर आहे. मोबाइलच्या घड्याळाची चूक सगळ्या उपग्रहांसाठी सारखीच असते. म्हणून तीही एक अज्ञात राशी धरायची. रेखांश, अक्षांश, उंची आणि घड्याळाची चूक : अज्ञातं चार, म्हणून उपग्रह किमान चार हवेत. चारही गोल एकाच बिंदूत मिळतील अशी चूक गणितानं शोधली, की जागा कळतेच आणि खिशातलं घड्याळही जवळपास अणुघड्याळाइतकं अचूक लागतं.

वरच्या घड्याळांचीही एक खोड आहे. वेगामुळे ती दिवसाला सुमारे 7 मायक्रोसेकंद मागे पडतात आणि उंचीवर गुरुत्वाकर्षण कमी असल्यामुळे सुमारे 45 मायक्रोसेकंद पुढे जातात. जमाखर्च 38 मायक्रोसेकंदांचा. तसंच सोडलं तर मोजलेल्या अंतरात रोज 11 किलोमीटरची चूक साठत जाईल. म्हणून जीपीएसचं घड्याळ जमिनीवर असतानाच 10.23 मेगाहर्ट्झऐवजी 10.22999999543वर लावून पाठवतात. आइन्स्टाइनचं गणित रोज कुणाच्या कामाला येतं असं विचारलं, तर उत्तर केळीचा ट्रक चालवणाऱ्या माणसाच्या खिशात आहे.

[दृश्य : चाळीसगावजवळचं पाटण. पाटणादेवीचं मंदिर, मागे डोंगराचे कडे.]

वेळेवरून जागा काढणं या मुलखाला नवं नाही. यादव राजा सिंघणाच्या दरबारातले ज्योतिषी चांगदेव यांनी आजोबांच्या, म्हणजे भास्कराचार्यांच्या, ग्रंथांच्या अध्ययनासाठी इथे मठ स्थापला. तेराव्या शतकाच्या सुरुवातीच्या इथल्या शिलालेखात त्याची नोंद आहे. त्या ज्योतिषात रेखांशाच्या फरकाला देशांतर म्हणत आणि ते उज्जैनच्या मध्यरेषेपासून मोजत. चंद्रग्रहण सगळीकडून एकाच क्षणी दिसतं, पण त्या क्षणी प्रत्येक गावची स्थानिक वेळ वेगळी असते. दोन गावांच्या वेळांतला हा फरक म्हणजेच त्यांचं देशांतर. 60 घटिकांत आकाशाची एक फेरी, म्हणजे घटिकेला 6 अंश. उज्जैनची रेषा सरळ दक्षिणेला आणली तर ती भुसावळजवळून जाते. पाटण तिच्या पश्चिमेला ऐंशीएक किलोमीटर, म्हणजे आठेक पळांचं देशांतर. एक पळ 24 सेकंदांचं. एवढं चुकलं तर जागा दहा किलोमीटरनं चुकणार. तत्त्व तेव्हाही पक्कं होतं, कमी पडत होतं ते घटिकापात्र.

[दृश्य : पडद्यावर खरखर. तिच्यातून हळूहळू एक नक्षी वर येते.]

उपग्रहाचा प्रेषक पंचवीस-पन्नास वॉटचा असतो, घरातल्या जुन्या पिवळ्या दिव्याएवढा. वीस हजार किलोमीटरवरून येईतो हा संदेश खरखरीच्याही खाली दबलेला असतो. तो ओळखू येतो कारण प्रत्येक उपग्रहाची 1,023 अंकांची स्वतःची नक्षी आहे, आणि ती दर मिलिसेकंदाला पुन्हा सुरू होते. मोबाइल तीच नक्षी स्वतः तयार करतो आणि आलेल्या संदेशावर पुढेमागे सरकवत राहतो. दोन्ही जुळल्या की किती सरकवावं लागलं, तोच उशीर.

उपग्रहाची कक्षा सांगणारी माहिती मात्र फार सावकाश येते : सेकंदाला 50 बिट. पूर्ण हप्ता 30 सेकंदांचा. नेटवर्क असेल तर मोबाइल ही माहिती इंटरनेटवरून आधीच उचलतो, म्हणून जळगावात ठिपका लगेच उमटतो. धडगाव, अक्कलकुव्याच्या डोंगरांत नेटवर्क नसलं, तर माहिती थेट वरूनच घ्यावी लागते. अशा वेळी उघड्या जागी मोबाइल दोन मिनिटं स्थिर धरायचा. झाडाखालून चालत राहिलं, की हप्ता मधेच तुटतो आणि तुटलेला भाग पुढच्या फेरीला पुन्हा ऐकावा लागतो. लोक इथेच वैतागून ॲप बंद करतात, आणि मोजलेली सगळी मिनिटं वाया जातात.

[दृश्य : दक्षिणेकडचं आकाश, त्यावर रेखाटलेले ठिपके.]

भारताच्या नाविक या स्वतःच्या उपग्रह-यंत्रणेची मांडणी निराळी आहे. पहिला उपग्रह 1 जुलै 2013ला गेला. मूळ आराखडा सात उपग्रहांचा : सगळे सुमारे 36,000 किलोमीटर उंचीवर, त्यातले तीन विषुववृत्तावर एका जागी खिळलेले. जळगावातून पाहिलं तर 83 अंश रेखांशावरचा उपग्रह दक्षिणेला, क्षितिजापासून 64 अंशांवर असतो. पश्चिमेकडचा साधारण 36 अंशांवर. सातपुड्याच्या पायथ्याच्या गावांना डोंगर उत्तरेला आहे, त्यांना हे दक्षिणेचं आकाश मोकळं. पाटणादेवीला उलट, डोंगराची भिंत नेमकी दक्षिणेला.

नाविकला ग्रहण लागलं ते घड्याळांचं. पहिल्या उपग्रहातली तीनही आयात रुबिडियम घड्याळं बंद पडली. उपग्रह धडधाकट, पण वेळ सांगता येत नाही म्हणून दिशादर्शनाला निरुपयोगी. 29 मे 2023ला सोडलेल्या एनव्हीएस-01 या नव्या उपग्रहामध्ये देशी बनावटीचं अणुघड्याळ बसवलं, आणि साध्या फोनांनाही ऐकता यावी म्हणून जीपीएसच्या नेहमीच्या एल-1 पट्ट्यातली वारंवारिताही जोडली. आजचे बरेच फोन जीपीएस, रशियाचं ग्लोनास, युरोपचं गॅलिलिओ आणि चीनचं बैदू एकत्र ऐकतात. आकाश अर्धं झाकलेलं असतानाही काम निभतं ते या गर्दीमुळे.

[दृश्य : केळीच्या पानावरून ओघळणारं पाणी. मग गोदामाचे पत्रे.]

आता बागेत परत. केळीचं पान रुंद आणि पाण्यानं भरलेलं. हे पाणी उपग्रहाचा संदेश शोषून घेतं. पाऊस पडून गेल्यावर तर आणखीच. जे थोडं झिरपतं त्यातलं काही पानांवर, खोडांवर आपटून उशिरा पोचतं, आणि उशीर म्हणजे मोबाइलच्या लेखी जास्त अंतर. पत्र्याच्या गोदामाशेजारी हाच घोळ होतो.

वातावरणाचा वरचा, विद्युतभारित थरही संदेश रेंगाळवतो, तो काही मीटरनं. दोन वारंवारिता ऐकणारा फोन हा उशीर बराचसा काढून टाकतो, कारण दोन्ही सारख्या रेंगाळत नाहीत. मार्च-एप्रिल आणि सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये, सूर्य तापट असलेल्या वर्षांत, दिवस मावळल्यावर हा थर आपल्या अक्षांशांवर अस्थिर होतो. नेमकं काम त्या वेळी ठेवू नये.

उंचीवर तर विश्वासच नको. उपग्रह सगळे वर असतात, पायाखालून कुणी ऐकू येत नाही, म्हणून उंचीतली चूक आडव्या चुकीच्या दीडपट-दुप्पट निघते. विहिरीवरून वावरात पाणी उताराने जाईल का, हे मोबाइल पाहून ठरवलं तर पाइप पुन्हा उकरावे लागतील.

[दृश्य : बांध. दांड्यावर बसवलेलं रोव्हर यंत्र.]

मग मोबाइल घेऊन शेत फिरलं तर क्षेत्र कळतं का? अंदाजापुरतं. चौरस एकराचा घेर सुमारे 254 मीटर. चहूबाजूंनी एकेक मीटर बाहेरून चाललात, तर अडीच गुंठे जास्त निघतात. फवारणीचा हिशेब करायला चालेल. भाऊबंदकीत चालणार नाही.

मोजणीचं रोव्हर, म्हणजे दांड्यावर बसवलेलं उपग्रह ऐकणारं यंत्र, नक्षीवर थांबत नाही, ते संदेशाच्या लहरीच मोजतं. एल-1ची एक लहर 19 सेंटिमीटरची, आणि तिचा शंभरावा भागही यंत्राला कळतो. पूर्ण लहरी किती होऊन गेल्या हे मात्र थेट कळत नाही. त्यासाठी ज्याची जागा आधीच पक्की माहीत आहे अशा केंद्राच्या नोंदी इंटरनेटवरून सतत घ्याव्या लागतात. या केंद्रांना कॉर्स म्हणतात. लहरींची संख्या निश्चित झाली की पडद्यावर ‘फिक्स’ येतं आणि चूक एक-दोन सेंटिमीटरवर उतरते. ‘फ्लोट’ दिसत असेल तर संख्या अजून अंदाजे आहे. तेव्हा घेतलेली नोंद काही वेळा अर्धा मीटरही चुकते. सातपुड्यात नेटवर्क नसेल, तर माहीत असलेल्या बिंदूवर स्वतःचं दुसरं यंत्र मांडून रेडिओनं जोडतात.

केळीत ‘फिक्स’ मिळत नाही म्हणून वाट बघत बसू नये. बाहेर मोकळ्यात दोन बिंदू घ्यावेत आणि तिथून आतला कोपरा टोटल स्टेशननं, म्हणजे कोन आणि अंतर मोजणाऱ्या दुर्बिणीच्या यंत्रानं, गाठावा. दांड्याचा बुडबुडा मधोमध आहे ना, हे दर नोंदीला पाहावं : दोन मीटरचा दांडा दोन अंश कलला, तर वरचं यंत्र सात सेंटिमीटर सरकलेलं असतं.

एक मात्र रोव्हर सांगत नाही. दांडा कुठे टेकला आहे ते त्याला कळतं, बांध कुठे असायला हवा ते नाही. ते जुन्या टिपणात, म्हणजे पूर्वीच्या मोजणीच्या कागदात आहे, आणि ते मोजलं गेलं 33 फुटी साखळीनं, जिचे सोळा आणे पाडलेले होते. एक आणा दोन फुटांहून जरा जास्त. सेंटिमीटरचं यंत्र आणि आण्याचा कागद यांचा मेळ टिकून राहिलेल्या जुन्या खुणांवरच घालावा लागतो : शिवेचा दगड, तिठ्याची निशाणी, विहीर.

[दृश्य : बांधाचा कोपरा. दांडा टेकवला जातो. पडद्यावर ‘फिक्स’.]

पहिली नोंद झाली. आता यंत्र बंद करून पुन्हा सुरू करायचं, अर्धा-पाऊण तास जाऊ द्यायचा. तोवर वरचे उपग्रह सरकलेले असतात. मग त्याच खुणेवर दुसरी नोंद. दोन्हींत दोन-तीन सेंटिमीटरहून जास्त फरक आला, तर खुंटी ठोकायची नाही. तिसरी नोंद घ्यायची.