रशेन शीडिंग आणि तीन जागांचा हिशेब

आयरिश समुद्रात, इंग्लंड आणि आयर्लंड यांच्या मध्ये, सुमारे ५७२ चौरस किलोमीटरचे आइल ऑफ मॅन हे बेट आहे. ते ब्रिटिश राजसत्तेच्या अखत्यारीत असले तरी युनायटेड किंगडमचा भाग नाही; त्याची स्वतःची टिनवाल्ड ही संसद आहे आणि हाउस ऑफ कीज हे तिचे २४ सदस्यांचे लोकनियुक्त सभागृह आहे. बेटाचे जुने प्रशासकीय विभाग सहा, आणि त्यांना शीडिंग म्हणतात : ग्लेनफाबा, मायकल, एअर, गार्फ, मिडल आणि रशेन. आज मी बोलणार आहे ते दक्षिण टोकाच्या रशेनविषयी. आर्बरी, मल्यू आणि रशेन या तीन पॅरिशांचे, म्हणजे चर्चच्या हद्दीवरून पडलेल्या ग्रामविभागांचे, मिळून हे शीडिंग होते, आणि बेटाची जुनी राजधानी कासलटाऊन याच भागात आहे.

शीडिंग हे मुळात मतदारसंघ म्हणून आखलेले नव्हते, हे आधी लक्षात घ्यावे लागेल. प्रत्येक शीडिंगला एक कोरोनर असे. समन्स बजावणे आणि न्यायालयाचे हुकूम अमलात आणणे हे त्याचे काम, म्हणजे आपल्याकडच्या बेलिफाच्या जवळपासचे. दरवर्षी जुलैत सेंट जॉन्स येथील टेकडीवर टिनवाल्डची उघड्यावरची सभा भरते, तेव्हा नवे कोरोनर राजसत्तेचे बेटावरील प्रतिनिधी असलेल्या लेफ्टनंट गव्हर्नरांपुढे गुडघे टेकून आपल्या अधिकाराची छडी स्वीकारतात. हा नुसता देखावा आहे असे म्हणता येत नाही, कारण छडी घेणाऱ्याला दुसऱ्या दिवसापासून खरोखरीच समन्स बजावायचे असतात.

१८६६ पर्यंत हाउस ऑफ कीजची निवडणूकच होत नव्हती. एखादी जागा रिकामी झाली की उरलेले सदस्य दोन नावे सुचवीत आणि गव्हर्नर त्यांतले एक निवडीत. घरचेच यजमान आणि घरचेच पाहुणे, असा हा कारभार होता. त्याला धक्का बसला तो रशेनच्याच भूमीवर. डग्लस या बेटावरच्या सर्वांत मोठ्या शहराच्या कारभाराविषयीच्या एका विधेयकावरून कीजवर टीका छापल्याबद्दल जेम्स ब्राऊन या संपादकाला कीजने १८६४ मध्ये सहा महिन्यांची शिक्षा ठोठावली आणि कासलटाऊनमधील कासल रशेन या किल्ल्यात डांबले. लंडनच्या क्वीन्स बेंच न्यायालयाने, असा अधिकार कीजला नाही, असे ठरवून त्याला सोडविले. पण माझ्या मते, सुधारणा घडविण्यात या प्रकरणाइतकाच, किंबहुना त्याहून अधिक, पैशाचा वाटा होता. जकातीचे शिल्लक उत्पन्न बेटाच्या कामांसाठी वापरू द्यायचे असेल तर सभागृह लोकांनी निवडलेले हवे, ही लंडनची अट होती, आणि गव्हर्नर हेन्री लॉक यांनी ती कीजच्या गळी उतरविली.

१८६७ मध्ये पहिली सार्वत्रिक निवडणूक झाली. सहा शीडिंगांना प्रत्येकी तीन, डग्लसला तीन आणि कासलटाऊन, पील व रॅमसे यांना प्रत्येकी एक, अशी २४ जागांची वाटणी ठरली. म्हणजे रशेनला तीन आणि त्याच्या पोटातल्या कासलटाऊनला वेगळी एक. लोकसंख्या कितीही असो, शीडिंगाशीडिंगांत वाटा सारखा, हे या वाटणीचे तत्त्व होते. आणि आगबोटींनी येणाऱ्या सुटीच्या प्रवाशांमुळे फुगत चाललेल्या डग्लसला एका ग्रामीण शीडिंगाइतक्याच जागा मिळाल्या, हे त्याचे व्यंग होते.

मतदार कोण, हा प्रश्न मात्र या बेटाने लवकर हाती घेतला. १८८१ मध्ये मालमत्ता असलेल्या अविवाहित स्त्रियांना आणि विधवांना मताधिकार मिळाला, न्यूझीलंडच्या बारा वर्षे आधी. कीजला हा अधिकार याहून व्यापक हवा होता, पण वरच्या पातळीवर त्याला कात्री लागली. सर्व प्रौढ स्त्री-पुरुषांना तो १९१९ मध्ये मिळाला, आणि २००६ मध्ये मतदानाचे वय १६ वर आले.

सीमांचे भांडण अधिक रेंगाळले. १९८० च्या दशकात मल्यू पॅरिश रशेनमधून काढून शेजारच्या मिडल शीडिंगमधील सँटनला जोडली गेली, आणि शीडिंगाची रेघ मतदारसंघाच्या नकाशावर ओलांडली गेली. उरलेल्या रशेनच्या तीन जागा कायम राहिल्या. १९८६ आणि १९९१ मध्ये पसंतिक्रमाने मत देण्याची, म्हणजे एकल संक्रमणीय मताची पद्धत वापरली गेली. जिथे बहुतेक उमेदवार अपक्षच असतात आणि एकाच मतदारसंघातून तिघे निवडायचे असतात, तिथे ही पद्धत मला तरी अगदी योग्य वाटते; पण ती टिकली नाही.

२०१६ मध्ये माणशी प्रतिनिधित्वाचे तत्त्व पुरते जिंकले. बेटाचे बारा मतदारसंघ झाले, प्रत्येकी दोन जागांचे. त्यांतले चार, म्हणजे आठ जागा, एकट्या डग्लसच्या. रशेन हे नाव शिल्लक राहिले ते पोर्ट एरिन, पोर्ट सेंट मेरी आणि रशेन पॅरिश एवढ्यापुरते, आणि तिसरी जागा गेली. आर्बरीचा शेतकरी आता ‘आर्बरी, कासलटाऊन आणि मल्यू’ या मतदारसंघात मत देतो, आणि १८६७ पासून स्वतःचा सदस्य पाठविणाऱ्या कासलटाऊनला तो आजूबाजूच्या खेड्यांच्या बरोबरीने निवडावा लागतो.