धाब्यावरचा लांडगा

नमस्कार श्रोतेहो.

उन्हाळ्यात आमच्या पारोळ्याकडच्या घरी रात्री धाब्यावर, म्हणजे घराच्या सपाट मातीच्या छतावर, गोधड्या पडायच्या आणि आजीची गोष्ट सुरू व्हायची. लांडगा, शेळी, शेळीची पिल्लं, सगळं आजीच. लांडगा घोगऱ्या आवाजात ‘कथा चालना रे भो?’, म्हणजे ‘कुठं निघालास रे भाऊ?’, असं अहिराणीत म्हणाला की आम्ही पोरं डोक्यावरून गोधडी ओढायचो. अंधारात आजीचा चेहरा दिसायचा नाही, म्हणून लांडगा खराच वाटायचा.

आज मी सांगणार आहे ते अशाच एका बाईंबद्दल. जून फोरे. जन्म १९१७चा, अमेरिकेतल्या स्प्रिंगफिल्डचा. बाराव्या वर्षी त्या रेडिओच्या नाटकात बोलल्या आणि आवाजाचं काम पुढे जन्मभर केलं. ट्वीटी पक्ष्याच्या कार्टूनमधली आजी तुमच्या नातवंडांना ठाऊक असेल. मूळ इंग्रजीत त्या आजीचा आवाज कित्येक वर्षं जूनबाईंचा होता. १९५९ साली सुरू झालेल्या एका मालिकेत तर रॉकी नावाची भाबडी उडती खार त्याच, आणि त्या खारीच्या वाईटावर असलेली नताशा ही हेर बाईही त्याच! मी श्रुतिकांमधून दुहेरी भूमिका केल्या आहेत. नुसता आवाज बारीक-जाड करून भागत नाही हो, श्वाससुद्धा बदलावा लागतो.

मला सर्वांत नवल वाटतं ते बाहुलीचं. १९६० साली बाजारात पाठीची दोरी ओढली की बोलणारी चॅटी कॅथी आली. ‘माझं तुझ्यावर प्रेम आहे,’ असं ती लाडानं म्हणे. तो आवाज जूनबाईंचा. पुढे १९६३ मध्ये दूरचित्रवाणीच्या एका भयकथेत तशीच एक बाहुली आली, आणि ही बाहुली घरातल्या माणसाला म्हणते, ‘मी तुला मारून टाकणार.’ आवाज पुन्हा जूनबाईंचाच. तोच गोडवा, आणि ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा. गोड आवाजानंही भिववता येतं, हे त्यांनी किती नेमकं ओळखलं होतं!

पण पडद्यावर नाव? ट्वीटीची कार्टून काढणाऱ्या वॉर्नर ब्रदर्सच्या कार्टूनमध्ये आवाजासाठी बरीच वर्षं फक्त मेल ब्लँक या आवाजाच्या कलावंताचं नाव झळके, त्यांचा करारच तसा होता. मला हे आजही खटकतं. दिग्दर्शक चक जोन्स मात्र म्हणत, जून ही बायकांमधली मेल ब्लँक नाही, मेल ब्लँक हाच पुरुषांमधला जून फोरे आहे.

१९९८च्या ‘मुलान’ या कार्टूनपटात त्या नायिकेची आजी झाल्या. २०१२ साली, चौऱ्याण्णवाव्या वर्षी, दूरचित्रवाणीसाठीचा एमी पुरस्कार मिळाला. शंभरीला दोन महिनेही उरले नव्हते, तेव्हा, जुलै २०१७ मध्ये, त्या गेल्या.

आजीचा लांडगा मी पुढे एका बालश्रुतिकेत केला. स्टुडिओतला लाल दिवा लागला की मी अजूनही डोळे मिटून घेते. धाब्यावरच्यासारखा अंधार झाल्याशिवाय माझा लांडग्याचा आवाज लागत नाही.