मेल्बा लिस्टन : ट्रॉम्बोन आणि कागद

(दृश्य : ट्रॉम्बोनची स्लाइड, अगदी जवळून)

ट्रॉम्बोन हे फुंकून वाजवायचं पितळी वाद्य, आणि स्लाइड म्हणजे त्याची सरकती नळी. आतल्या दोन नळ्या स्थिर, त्यांच्यावरची यू आकाराची नळी मागेपुढे सरकणारी. तिच्यावर खूण नाही, खाच नाही. सात जागा आहेत, त्या कानानंच शोधायच्या. नळी पूर्ण आत असली की पहिली. पुढची प्रत्येक जागा आणखी अर्धा सूर खाली उतरवते. जागांमधलं अंतरही सारखं नसतं : पहिली ते दुसरी साधारण ८ सेंटिमीटर, मग ते वाढत जातं. सातवीला नळी जवळजवळ ६० सेंटिमीटर बाहेर जाते.

खालच्या सप्तकातला बी फ्लॅट (कोमल बी) हा सूर पहिल्या जागेवर वाजतो. त्याच्या लगेच वरचा बी मात्र सातव्या. सूर चढला अर्धा आणि हात गेला टोकापर्यंत! वाटेत फुंक चालू राहिली तर मींड ऐकू येते. जलद जॅझमध्ये ती नको असते, म्हणून नळी सरकताना जिभेनं फुंक क्षणभर तोडायची, हलक्या ‘द’सारखी. जोरात तोडली तर सुरावटीचे तुकडे पडतात. नळीला बारीकसा पोचा आला किंवा ती कोरडी पडली, तर हात अडकतो आणि सूर उशिरा लागतो. त्यासाठी वादक कोल्ड क्रीम लावत आणि वरून पाण्याचा फवारा मारत.

(दृश्य : जुनी छायाचित्रं)

अमेरिकी जॅझ ट्रॉम्बोनवादक मेल्बा लिस्टन यांनी हे वाद्य सातव्या वर्षी हातात घेतलं. जन्म १३ जानेवारी १९२६, कॅन्सस सिटी, मिसुरी. हात लांबच्या जागांपर्यंत पुरत नसे, म्हणून मान एका बाजूला कलती करावी लागे. १९३७ मध्ये त्या लॉस एंजेलिसला आल्या. तिथे अल्मा हायटावर यांच्या मुलांच्या बँडमध्ये शिकल्या, सोळाव्या वर्षी लिंकन थिएटरच्या वाद्यवृंदात लागल्या, मग जेराल्ड विल्सन यांच्या बिग बँडमध्ये, म्हणजे मोठ्या जॅझ वाद्यवृंदात. १९४७ मध्ये सॅक्सोफोनवादक डेक्स्टर गॉर्डन यांच्याबरोबर ध्वनिमुद्रण, १९४९ मध्ये ट्रंपेटवादक डिझी गिलेस्पी यांचा बँड. गायिका बिली हॉलिडे यांच्याबरोबरचा अमेरिकेच्या दक्षिण भागातला दौरा फसला आणि पुढची काही वर्षं त्यांनी शिक्षण मंडळात कारकुनी केली.

(दृश्य : हातानं लिहिलेलं स्कोअरचं, म्हणजे सगळ्या वाद्यांच्या स्वरलिपीचं पान)

हे पान नीट पाहा. बिग बँड ओळखला जातो म्होरक्याच्या नावानं. पण सतरा जणांनी काय वाजवायचं ते अरेंजर लिहितो, आणि त्याचं नाव तबकडीच्या वेष्टनावर बारीक अक्षरात येतं, कधी येतही नाही. मेल्बा यांचं सर्वांत मोठं काम अशा पानांवर आहे.

प्रत्येक वादकाला त्याचा वेगळा कागद, म्हणजे पार्ट मिळतो. ट्रंपेट आणि सॅक्सोफोन लिहिलेल्या सुरापेक्षा खाली वाजतात, म्हणून ट्रंपेटचा पार्ट ऐकू येतो त्याहून एक पूर्ण सूर वर लिहायचा. आल्टो सॅक्सोफोनचा सा ते शुद्ध ध इतका वर. टेनरचा एक सप्तक आणि वर एक सूर. ट्रॉम्बोनचा आहे तसाच, बास क्लेफ या खालच्या सुरांच्या लिपीचिन्हात. एका पार्टात हा हिशेब चुकला तर तालमीचा वेळ चूक शोधण्यात जातो. ट्रॉम्बोनचे खालचे सूर एकमेकांना चिकटवले की गढूळ वाजतात. तिथे अंतर मोठं ठेवायचं, वर जाताना कमी करायचं. म्यूट (आवाज दबवणारं बूच) लावायला दोनेक बार, म्हणजे तालाची आवर्तनं, मोकळे सोडायचे, श्वासालाही जागा ठेवायची. स्वतः ट्रॉम्बोन फुंकणाऱ्या मेल्बांना हे कुणी सांगावं लागत नव्हतं.

१९५६ मध्ये गिलेस्पींनी त्यांना पुन्हा बोलावलं. अमेरिकी परराष्ट्र खात्याचा दौरा होता : आबादान, कराची, ढाका, बैरूत. १९५८ मध्ये ‘मेल्बा लिस्टन अँड हर बोन्स’ ही तबकडी ध्वनिमुद्रित झाली. बेनी ग्रीन, अल ग्रे, स्लाइड हॅम्प्टन, सगळे ट्रॉम्बोनवाले, आणि म्होरक्या म्हणून नाव मेल्बांचं. १९६० मध्ये पियानोवादक रँडी वेस्टन यांच्या ‘उहुरू आफ्रिका’ या तबकडीसाठी त्यांनी आफ्रिकी आणि क्यूबन तालवाद्यांभोवती अख्खा बिग बँड बांधला. शब्द कवी लँग्स्टन ह्यूज यांचे. दक्षिण आफ्रिकेत त्यावर बंदी आली.

१९७३ ते १९७९ त्या जमैकात शिकवत होत्या. १९८५ मध्ये पक्षाघात झाला, वादन संपलं.

(दृश्य : संगणकाच्या पडद्यावरचं नोटेशन)

मग त्या संगणकावर लिहू लागल्या. १९९१ मध्ये वेस्टन यांच्या ‘द स्पिरिट्स ऑफ अवर अँसेस्टर्स’चं ध्वनिमुद्रण झालं, तेव्हा पार्ट त्यांचेच होते आणि पाहुणे ट्रंपेटवादक होते डिझी गिलेस्पी. मेल्बा लिस्टन २३ एप्रिल १९९९ रोजी लॉस एंजेलिसमध्ये वारल्या. या तबकड्या ऐकताना वेष्टनाच्या मागची बाजू जरूर वाचा.