बदलीचा आदेश आणि फाइलमधलं कारण

श्रोतेहो, नमस्कार. एप्रिल-मे उजाडला की सरकारी कचेऱ्यांत बदल्यांच्या यादीशिवाय दुसरा विषय नसतो. यादीत नाव निघालं की पहिला प्रश्न ठरलेला, "मॅटमध्ये जाऊ का?" मॅट म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला बदलीविरुद्ध आधी तिथंच जावं लागतं.

बहुतेक जण वकिलासमोर घरची अडचण मांडतात. मुलाची दहावी, आईचं डायलिसिस, बायकोची नोकरी दुसऱ्या जिल्ह्यात. अडचणी खऱ्याच असतात, पण तेवढ्यावर आदेश रद्द होत नाही. शिलाँगला नोकरी करणाऱ्या एस. एल. अब्बास यांची पौडीला बदली झाली, तेव्हा पत्नीची नोकरी शिलाँगमध्ये असल्याचा मुद्दा त्यांनी मांडला होता. सर्वोच्च न्यायालयाने 1993 मध्ये सांगितलं की पती-पत्नीला शक्यतो एका ठिकाणी ठेवावं ही मार्गदर्शक सूचना आहे, तो कर्मचाऱ्याचा कायदेशीर हक्क नव्हे. कोणाला कुठं ठेवायचं हे शासन ठरवणार. न्यायालय पाहतं ते एवढंच, की आदेश आकसाने निघालाय का, अधिकार नसलेल्याने काढलाय का, कायद्यातली तरतूद मोडलीय का.

या शेवटच्या मुद्द्यावर महाराष्ट्रातल्या कर्मचाऱ्याची बाजू जरा भक्कम आहे, कारण आपल्याकडे बदल्यांचा स्वतंत्र कायदाच आहे, 2005 चा. एका पदावर साधारण तीन वर्षं, आणि बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मे महिन्यात. यापेक्षा वेगळं करायचं तर कलम 4 प्रमाणे कारणं लेखी नोंदवावी लागतात आणि वरच्या प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी लागते.

समजा, एका तालुका कृषी अधिकाऱ्याला रुजू होऊन चौदा महिने झालेत आणि ऐन ऑगस्टमध्ये आदेश येतो. म्हणजे बदली मुदतपूर्व आणि मध्यावधीही. आदेशात लिहिलंय, 'प्रशासकीय कारणास्तव'. माझ्या मते हे दोन शब्द म्हणजे कारण नव्हेच, कारण लपवायची ती सोय आहे. खरी गोष्ट फाइलमध्ये असते. प्रस्ताव कोणी मांडला? नागरी सेवा मंडळापुढे, म्हणजे बदल्यांची शिफारस करणाऱ्या वरिष्ठ अधिकाऱ्यांच्या समितीपुढे, गेला का? तालुका कृषी अधिकारी गट 'ब' मधला, आणि गट 'ब' अधिकाऱ्याच्या बदलीचा अधिकार मंत्र्यांकडे असतो, म्हणून मुदतपूर्व बदलीला मुख्यमंत्र्यांची मान्यता लागते. ती आदेशाआधीची आहे की नंतरची? न्यायाधिकरण मूळ फाइल मागवतं आणि टिपणीवर नुसतं 'मान्य' आणि खाली सही दिसली, की शासनाच्या वकिलाची पंचाईत होते. अशा नोंदींवर कितीतरी बदल्या रद्द झाल्यात.

"आमदारांच्या पत्रावरून माझी बदली झाली" ही तक्रार तर नेहमीचीच. पण लोकप्रतिनिधीने पत्र दिलं एवढ्याने बदली बेकायदा ठरत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2007 मध्ये म्हटलंय. मला हे फारसं पटत नाही, पण कायदा तसा आहे. पत्रानंतर अधिकाऱ्याने स्वतःचं डोकं वापरलं का, हे पाहायचं. उलट 2008 मध्ये निकाल लागलेल्या सोमेश तिवारी प्रकरणात निनावी तक्रारीवरून शिक्षा म्हणून केलेली बदली रद्द झाली. गैरवर्तनाचा संशय असेल तर चौकशी करा, चौकशीऐवजी बदली नको.

आता सगळ्यात मोठी चूक. निवेदन दिलंय, उत्तर येईपर्यंत रुजू होत नाही, असं म्हणून काही जण घरी बसतात. गुजरात वीज मंडळाच्या पोशानी नावाच्या अभियंत्याने बदलीच्या जागी रुजू व्हायचं टाळलं आणि त्यांची नोकरी गेली. 1989 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ती कारवाई कायम ठेवली. स्थगिती नसेल तर रुजू व्हा. रुजू झाल्यावरही दावा चालवता येतो.

जिल्हा परिषदेच्या शिक्षकांनी मात्र मॅटचा रस्ता धरू नये, त्यांची रिट याचिका उच्च न्यायालयात.

कायद्याने मॅटकडे जायला वर्षाची मुदत आहे, पण बदलीत ती कागदावरच राहते. तुम्हाला कार्यमुक्त केलं आणि तुमच्या खुर्चीत दुसरा येऊन बसला, की स्थगिती मिळणं अवघड होतं. म्हणून आदेश हाती पडताच अर्ज करा. आणि तुमच्या जागी येणाऱ्या त्या सहकाऱ्यालाही प्रतिवादी करा. कालपर्यंत एकत्र चहा पीत असाल तरी.